डोळ्यातले भिंग सरकले, तर कागदावर काय लिहायचे?

आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी आजी, आजोबा, मामा किंवा मावशी अशा कुणाचे तरी मोतीबिंदूचे ऑपरेशन झालेले असते. आपली गुजराती शेजारमंडळी या आजाराला 'मोतियो' म्हणतात आणि ऑपरेशनमध्ये बसवलेल्या भिंगाला 'नेत्रमणी' असे गोड नाव देतात. हा नेत्रमणी एकदा बसला की बहुधा जन्मभर साथ देतो. पण क्वचित तो जागचा सरकतो, क्वचित त्याचा एखादा भाग मोडतो. तेव्हा डॉक्टर उपचार करतातच. पण त्याबरोबर रुग्णाला सहसा न दिसणारे आणखी एक काम कुठेतरी होत असते. त्या बिघाडाला एक कोड दिला जातो.

या कोडविषयी आम्ही या अंकात लिहीत आहोत. विषय वरवर रुक्ष वाटेल. परंतु विम्याचा अर्ज मंजूर होणे आणि पुढच्या एखाद्या रुग्णाचा डोळा वाचणे या दोन्ही गोष्टी त्या चार-पाच अक्षरांशी बांधलेल्या आहेत. म्हणून पालकांनी व मोठ्या वर्गांतील विद्यार्थ्यांनी हा लेख सवडीने वाचावा.

मकरपुऱ्यात राहणाऱ्यांना तर ही गोष्ट समजायला अवघड जाऊ नये. आपले कितीतरी पालक जी.आय.डी.सी.मधल्या कारखान्यांत नोकरीला आहेत. यंत्र थांबले की रजिस्टरमध्ये नुसते 'मशीन बंद' असे लिहून भागत नाही. बेअरिंग फुटले, शाफ्ट जागेवरून हलला की वंगण संपले, हे लिहावे लागते. फुटलेले बेअरिंग बदलायचे असते, हललेला शाफ्ट सरळ करायचा असतो, आणि वंगण संपले असेल तर यंत्राचा दोषच नसतो. तीच बेअरिंगे वारंवार फुटत असतील, तर माल देणाऱ्याला जाब विचारावा लागतो. नोंद नीट नसेल तर कुणालाच जाब विचारता येत नाही. डोळ्यात बसवलेल्या वस्तूंचेही अगदी असेच आहे.

भिंग डोळ्यात कसे आले?

आपल्या डोळ्यात बाहुलीच्या मागे एक नैसर्गिक भिंग असते. वयोमानाने ते गढूळ झाले की त्याला मोतीबिंदू म्हणतात. पूर्वी गढूळ भिंग काढून टाकत आणि रुग्णाला सोडावॉटरच्या बाटलीच्या बुडासारखा जाड चष्मा देत. जुन्या फोटोंत असे चष्मे पुष्कळ दिसतात.

काढलेल्या भिंगाच्या जागी दुसरे भिंग बसवण्याचा पहिला प्रयोग लंडनच्या सेंट थॉमस रुग्णालयात डॉ. हॅरॉल्ड रिडली यांनी २९ नोव्हेंबर १९४९ रोजी केला. दुसऱ्या महायुद्धात विमानांच्या काचा पर्स्पेक्स नावाच्या प्लास्टिकच्या असत. अशा काचेचे तुकडे काही वैमानिकांच्या डोळ्यांत शिरले होते, तरी डोळ्याने त्यांना फारसा विरोध केला नव्हता. यावरूनच त्याच जातीच्या प्लास्टिकचे भिंग डोळा सहन करील, असे रिडली यांनी ताडले. त्यांचा अंदाज बरोबर निघाला. मात्र ती पहिली भिंगे जड होती आणि काही रुग्णांच्या डोळ्यांत ती सरकली. म्हणजे भिंग सरकण्याची तक्रार ही भिंगाइतकीच जुनी आहे.

आजचे भिंग मधोमध सुमारे सहा मिलिमीटरचे असते. त्याला दोन बाजूंना बारीक वाकडे पाय असतात. नैसर्गिक भिंगाची पातळ पिशवी डॉक्टर जागेवर राखून ठेवतात आणि नवे भिंग तिच्यात बसवतात. ते पाय पिशवीला आतून टेकून भिंगाला मधोमध धरून ठेवतात. मदुराईच्या अरविंद नेत्र रुग्णालयाच्या परिवारातील 'ऑरोलॅब' या संस्थेने १९९२ पासून ही भिंगे भारतात स्वस्तात बनवायला सुरुवात केली आणि गरिबांच्या शिबिरांतही भिंग बसवणे परवडू लागले. महाराष्ट्रात मुंबईच्या जे. जे. रुग्णालयाचे डॉ. तात्याराव लहाने यांनी मोतीबिंदूच्या शिबिरांतून जे काम केले ते आपल्या वाचकांना ठाऊक असेलच. २००८ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

आता भिंग कशामुळे सरकते? पिशवीला धरून ठेवणारे तंतू म्हातारपणी किंवा एखाद्या आजाराने सैल पडतात, ऑपरेशनच्या वेळी पिशवी फाटलेली असते, किंवा नंतर डोळ्याला जोराचा मार लागतो. मग एका वस्तूच्या दोन दिसू लागतात, नजर एकाएकी बदलते किंवा दिव्याभोवती भिंगाची कड चमकताना दिसते. असे झाले तर घरगुती उपाय न करता ताबडतोब डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जावे. डॉक्टर भिंग पुन्हा जागेवर बसवतात, टाक्याने पक्के करतात किंवा बदलतात.

कोड म्हणजे नेमके काय?

आजारांना ठरावीक खणांत बसवण्याची कल्पना जुनी आहे. फ्रान्सचे जाक बर्तियों यांनी १८९३ साली मृत्यूच्या कारणांची एक यादी मांडली. तिचीच पुढे वाढ होत गेली. १९४८ पासून जागतिक आरोग्य संघटना ती सांभाळते. तिला आंतरराष्ट्रीय रोग वर्गीकरण, थोडक्यात आयसीडी, म्हणतात. तिची दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली. अकरावी १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली असली, तरी भारतातील कितीतरी कागदपत्रांत अजून दहावीच चालते.

बडोद्याच्या मुलांना वर्गीकरण ही काही परकी गोष्ट नाही. श्रीमंत सयाजीराव महाराजांनी १९१० साली विल्यम बॉर्डन या अमेरिकी ग्रंथपालांना बडोद्यास बोलावले. त्यांनी येथील ग्रंथालयांसाठी पुस्तकांची एक खास वर्गवारी तयार केली. तिला बडोदा वर्गीकरण असेच नाव पडले. मांडवीजवळच्या मध्यवर्ती ग्रंथालयात पाऊल ठेवले की वर्गीकरणाचे महत्त्व लगेच पटते. पुस्तक चुकीच्या कपाटात गेले तर ते असून नसल्यासारखे होते. आजाराच्या नोंदीचेही तेच होते.

एकाच घराचे तीन खण

डोळ्यातील कृत्रिम भिंगाच्या यांत्रिक बिघाडासाठी दहाव्या आवृत्तीत टी८५.२ हा कोड आहे. डोळ्यात बसवलेल्या इतर कृत्रिम वस्तूंच्या बिघाडासाठी टी८५.३ आहे. जागतिक यादी एवढ्यावर थांबते. अमेरिकेने मात्र स्वतःसाठी तिची वाढवलेली आवृत्ती काढली आणि ती १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केली. त्याआधी तिथे भिंगाच्या सगळ्या यांत्रिक तक्रारी ९९६.५३ या एकाच कोडमध्ये कोंबल्या जात. नव्या आवृत्तीत त्यांचे तीन खण झाले.

टी८५.२१ म्हणजे भिंग मोडले किंवा तुटले. टी८५.२२ म्हणजे भिंग सरकले किंवा वाकडे बसले. टी८५.२९ म्हणजे या दोहोंत न बसणारा दुसरा यांत्रिक बिघाड.

हे तीन खण कारखान्याच्या रजिस्टरसारखेच आहेत. मोडलेल्या भिंगाबद्दल शंका बनावटीवर जाते किंवा ते बसवतानाच्या हाताळणीवर जाते. सरकलेल्या भिंगाबद्दल ती पिशवीवर, तंतूंवर किंवा डोळ्याला लागलेल्या मारावर जाते. दोन्ही एकाच खणात टाकली तर कारण शोधण्याचा रस्ताच बंद होतो.

अमेरिकी कोडला शेवटी सातवे अक्षरही लागते. उपचार चालू असताना 'ए', उपचार संपून नुसती देखरेख चालू असताना 'डी' आणि जुन्या बिघाडाचा मागे राहिलेला परिणाम असेल तर 'एस'. मधली जागा रिकामी राहिली तर तिथे 'एक्स' भरतात. म्हणून सरकलेल्या भिंगावर उपचार चालू असताना पूर्ण कोड टी८५.२२एक्सए असा होतो. नवशिके इथे हमखास घसरतात. 'ए' म्हणजे पहिली भेट असे त्यांना वाटते. तसे नाही. रुग्ण तिसऱ्यांदा आला आणि उपचार अजून चालूच असेल, तरी अक्षर 'ए'च राहते.

आणखी एक गंमत पाहा. भिंगाच्या या तिन्ही कोडांत उजवा डोळा की डावा, हे कुठेच येत नाही. ते वेगळे लिहावे लागते. डॉक्टरांच्या कागदावर डोळा लिहायचा राहिला, तर कोड अचूक असूनही नोंद अर्धवट राहते.

भिंगाचा दोष नसतो तेव्हा

समजा, मांजलपूरच्या एका आजींना ऑपरेशननंतर दोन वर्षांनी पुन्हा धूसर दिसू लागले. घरचे म्हणतात, "भिंग बिघडले." पण असे धूसर दिसण्याची कारणे अनेक असू शकतात, आणि प्रत्येकाचा खण निराळा आहे.

भिंगामागची पिशवी गढूळ झाली असेल, तर ती भिंगाची मोडतोड नव्हे. तो मागाहून येणारा मोतीबिंदू, कोड एच२६.४. लेझरने तो बहुधा थोड्या वेळात साफ होतो. मूळचे नैसर्गिक भिंग मार लागून निखळले असेल, तर एच२७.१. तिथे कृत्रिम वस्तूचा संबंधच नाही. बसवलेल्या भिंगामुळे डोळ्यात पू झाला असेल, तर तो जंतुसंसर्ग आहे, यांत्रिक बिघाड नाही. त्याचे कोड वेगळे आहेत. दान मिळालेले बुबुळ, म्हणजे पारदर्शक पडदा, डोळ्याने नाकारला तर अमेरिकी यादीत तो टी८६.८४ मध्ये जातो. आणि आजींचे भिंग ठणठणीत असून त्या नुसत्या तपासणीला आल्या असतील, तर झेड९६.१ हा कोड एवढेच सांगतो की या डोळ्यात कृत्रिम भिंग आहे.

म्हणून कोड देणाऱ्याचा पहिला नियम असा की अंदाज करायचा नाही. कागदावर 'लेन्सचा त्रास' एवढेच असेल, तर काय झाले हे डॉक्टरांनाच विचारायचे. कोड देणारा माणूस कितीही हुशार असला, तरी डॉक्टरांनी न लिहिलेले तो लिहू शकत नाही.

कृत्रिम डोळा

कर्करोगामुळे, उत्तरायणातल्या मांजामुळे, फटाक्यामुळे किंवा ग्राइंडरवरून उडालेल्या लोखंडाच्या कणामुळे कधी कधी संपूर्ण डोळा काढावा लागतो. अशा वेळी बहुधा दोन वस्तू वापरतात. खोबणीच्या आत एक गोळा बसवतात. तो कायमचा, आणि वरून दिसत नाही. त्याच्यावर बाहेरून रंगवलेली एक वाटी बसते. ती दुसऱ्या डोळ्यासारखी हुबेहूब दिसते, आणि काढता-घालता येते. पूर्वी ही वाटी काचेची असे. दुसऱ्या महायुद्धात जर्मन काच मिळेनाशी झाली तेव्हा अमेरिकेत ती प्लास्टिकची होऊ लागली.

अमेरिकी यादीत खोबणीतल्या रोपणाचा उजवा-डावा भेद कोडमध्येच आहे. उजवीकडचे मोडले तर टी८५.३१०, डावीकडचे मोडले तर टी८५.३११. सरकले तर अनुक्रमे टी८५.३२० व टी८५.३२१. डोळ्यात बसवलेल्या इतर उपकरणांची मोडतोड टी८५.३१८ मध्ये जाते.

मात्र लहान मुलाची वाटी सैल झाली म्हणून कुणी घाबरू नये. मूल वाढते तशी त्याची खोबणही वाढते आणि वाटी ठरावीक काळाने बदलावी लागते. तो बिघाड नव्हे. त्या भेटीसाठी कृत्रिम डोळा बसवणे व जुळवणे असा वेगळा कोड आहे, झेड४४.२. कुणा मुलाने असा डोळा लावला असेल तर वर्गमित्रांनी त्याची चौकशी जपून करावी, हेही या निमित्ताने सांगावेसे वाटते.

एवढा खटाटोप कशासाठी?

पहिले कारण घरगुती आहे. आरोग्य विम्याच्या अर्जात रुग्णालयाने भरायचा 'भाग ब' असतो. त्यात आयसीडी-१० च्या कोडसाठी रकाने असतात. तिथे नुसता मोतीबिंदूचा कोड पडला आणि प्रत्यक्षात सरकलेले भिंग बसवले असेल, तर 'या डोळ्याचा मोतीबिंदू तर आधीच काढला होता' अशी हरकत निघू शकते. मग कागदांच्या फेऱ्या सुरू होतात. त्यात वृद्ध माणसांचे फार हाल होतात.

दुसरे कारण सगळ्या समाजाचे आहे, आणि ते आपण एका वेगळ्या अवयवाच्या उदाहरणातून शिकलो. जॉन्सन अँड जॉन्सनच्या डीप्यू कंपनीचे 'एएसआर' नावाचे खुब्याचे कृत्रिम सांधे २०१० साली जगभरातून परत मागवले गेले. भारतात हा प्रश्न महाराष्ट्राच्या अन्न व औषध प्रशासनाने लावून धरला. केंद्र सरकारने २०१७ साली एक तज्ज्ञ समिती नेमली. देशात अशी सुमारे ४,७०० ऑपरेशने झाली होती, पण त्यांपैकी सुमारे ३,६०० रुग्णांचा ठावठिकाणाच लागत नव्हता. सांधा शरीरात, पण त्याची नोंद हाताशी नाही, अशी स्थिती होती. ज्यांचा पत्ताच नाही त्यांना सूचना तरी कोण देणार आणि भरपाई कशी मिळणार?

डोळ्याच्या बाबतीतही असेच काही घडू शकते, हे अमेरिकेत दिसले. पूर्ण अंध झालेल्या काही रुग्णांच्या डोळ्यात बसवायचे 'आर्गस दोन' हे विद्युत उपकरण सेकंड साइट या कंपनीने काढले. २०१३ साली अमेरिकेत त्याला मान्यता मिळाली. जगभरात साडेतीनशेच्या आसपास लोकांनी ते बसवून घेतले. २०१९ साली कंपनीने त्याचे उत्पादन थांबवले आणि २०२० मध्ये ती जवळजवळ बंद पडण्याच्या बेतात आली. उपकरण बिघडले तर दुरुस्त कोण करणार, हा प्रश्न त्या रुग्णांपुढे उभा राहिला. अशा वेळी कुणाच्या डोळ्यात कोणते उपकरण आहे आणि ते कधी बंद पडले, ही लिखित नोंदच रुग्णाचा मोठा आधार असते.

भारतात वैद्यकीय उपकरणांमुळे होणाऱ्या अपायांची माहिती गोळा करण्यासाठी जुलै २०१५ मध्ये राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. गाझियाबादचा भारतीय औषधसंहिता आयोग तो चालवतो. डॉक्टर, परिचारिका व बायोमेडिकल अभियंते त्याला बिघाड कळवू शकतात. पण कळवण्यासाठी भिंगाचा क्रमांक लागतो.

आणि इथे कोडची मर्यादा समजून घ्यायला हवी. कोड सांगतो, काय झाले. ते कोणत्या भिंगाला झाले, हे कोड सांगत नाही. ते भिंगाच्या डबीवरचा छोटा स्टिकर सांगतो. त्यावर कंपनी, मॉडेल, भिंगाचा नंबर आणि अनुक्रमांक असतो. कोड आणि स्टिकर या दोन नोंदी एकत्र आल्या तरच बिघाडाची पूर्ण हकीकत तयार होते.

आपण घरी काय करावे?

ऑपरेशननंतर डिस्चार्ज कार्डावर भिंगाचा स्टिकर चिकटवला आहे का, ते घरी निघण्यापूर्वी पाहावे. नसेल तर नम्रपणे मागावा. त्या पानाची एक झेरॉक्स आणि एक मोबाइलमधला फोटो ठेवावा. फाइलच्या पहिल्या पानावर तारीख, डोळा उजवा की डावा आणि डॉक्टरांचे नाव घरच्यांनी मराठीत लिहून ठेवावे.

पुढे काही त्रास झाला तर डॉक्टरांना एवढेच विचारावे: "भिंग मोडले आहे, सरकले आहे, की त्रास दुसऱ्याच कशाचा आहे? आणि कागदावर तसे लिहिले आहे ना?" यात डॉक्टरांवर अविश्वास नाही. गर्दीच्या दिवशी राहून जाणारा एक शब्द आपण त्यांच्याकडून लिहून घेतो, एवढेच. विम्याचा अर्ज जाण्यापूर्वी 'भाग ब'मधला कोडही पाहून घ्यावा.

विद्यार्थ्यांसाठी शेवटी दोन शब्द. अमेरिकेतील रुग्णालयांचे कोडिंग आज मोठ्या प्रमाणावर भारतात, चेन्नई-हैदराबादसारख्या शहरांत होते. या कामाला जीवशास्त्र हवे, इंग्रजी वाचन हवे आणि सर्वांत आधी नीटनेटकेपणा हवा. गृहपाठाच्या वहीत तारीख न घालणाऱ्यांनी हे मनावर घ्यावे. सुट्टीत एक काम मात्र प्रत्येकाने करावे. घरातल्या ज्यांच्या डोळ्यात नेत्रमणी आहे त्यांची फाइल काढून त्यात तो स्टिकर आहे का ते पाहावे, आणि त्यांच्याजवळ बसून पहिले पान स्वच्छ अक्षरात लिहून द्यावे.